मदत हवी आहे: अपघातात गेलेल्या गवंड्याचं उत्पन्न कसं सिद्ध करायचं?

नमस्कार मंडळी. माझ्या चुलत बहिणीचे यजमान सोलापूर-पुणे महामार्गावर टेम्पोच्या धडकेत गेले. मागे लहान मुलं आणि म्हातारी सासू. टेम्पोचा नंबर, विमा सापडलाय, म्हणून मोटार वाहन कायद्याच्या कलम 166 खाली न्यायाधिकरणात दावा लावायचा आहे. (वाहन सापडलंच नसतं तर सरकारी योजनेचे फक्त 2 लाख.) एफआयआर, पंचनामा, शवविच्छेदनाचा अहवाल हातात आहे.

अडचण उत्पन्नाची. दाजी गवंडीकाम करायचे, पगारपत्रक कुठून आणणार? त्यांची खिशातली एक वही आहे, सिमेंटचे डाग पडलेली. कोणाकडून किती मजुरी आली ते पेन्सिलीने लिहिलंय. ती पुरावा म्हणून चालेल का? की ज्यांची घरं बांधली त्यांची साक्षच लागेल? भरपाईचा हिशेब मुख्यतः वय आणि उत्पन्नावर असतो, त्यामुळे जीव टांगणीला लागलाय.

एक वकील भरपाईतला टक्का मागतायत. बार कौन्सिलच्या नियमात हे बसत नाही ना? 2022 पासून दाव्याला सहा महिन्यांची मुदत आहे, म्हणून घाई. बार्शी-सोलापूरकडे असे दावे मनापासून चालवणारं कोणी माहीत असेल तर कृपया मेसेज करा.