‘काय’ म्हणजे काय? – ब्रिटिश खलाशांच्या युद्ध-आठवणींतले शब्द

सुकाणू:
एका दिवाळी अंकासाठी दुसऱ्या महायुद्धातल्या ब्रिटिश खलाशांच्या आठवणींवर लेख लिहायला घेतलाय. अ‍ॅडमिरल मंडळींच्या नव्हे, तोफेला गोळे पुरवणारे, बॉयलरपाशी घामाघूम होणारे, बावटे हलवणारे, अशांच्या. बीबीसीनं २००३ ते २००६ या काळात सामान्य लोकांकडून युद्धाच्या आठवणी मागवल्या होत्या, तेव्हा सुमारे ४७,००० जमल्या. त्यात दर्यावरच्या पुष्कळ आहेत. वाचायला मजा येते, पण भाषांतराला बसलं की घोडं अडतं. आणि अडतं तेही लढाईच्या वाक्यांवर नाही, रोजच्या बारीकसारीक शब्दांवर.

पहिलाच बघा. मध्यरात्री, आइसलंडच्याही वर कुठंतरी, ब्रिजवर, म्हणजे जिथून बोट हाकतात त्या उघड्या मचाणावर, उभा असलेला अठरा-एकोणीस वर्षांचा पोरगा सांगतो की खालून कुणीतरी ‘काय’ घेऊन आलं आणि जिवात जीव आला. उच्चार अगदी आपला ‘काय’! अर्थ दाट, गरम कोको. मी इमानदारीत लिहिलं, “मग आम्ही काय प्यायलो.” आईला वाचून दाखवलं. ती म्हणाली, “अगं, काय प्यायलात ते सांग की पुढे.”

तर ‘काय’चं काय करू? शिवाय ‘वॉच’, ‘ओप्पो’ आणि नोंदवहीतलं ‘डीडी’ हे तीन शब्दही अडलेत. मदत करा.

शब्दवेडी:
ताई, ‘कोको’ लिहून मोकळी होऊ नकोस, ही विनंती. आपण दुधात पावडर ढवळतो तसला तो कोको नव्हे. नौदलाच्या कोठारात चॉकलेटच्या जाड, टणक लाद्या असत. खलाशी चाकूनं तिचे कीस काढायचा, आपण गुळाची ढेप तासतो तसे. त्यावर उकळतं पाणी किंवा थेट वाफ सोडायची, साखर आणि डब्यातलं आटवलेलं दूध घालायचं. चमचा उभा राहिला पाहिजे, ही त्याची परीक्षा. वरच्या थरावर चॉकलेटच्या तुपाचा तवंग. घशाखाली गेल्यावर पोटात निखारा ठेवल्यासारखं वाटत असणार.

म्हणून माझं मत: पहिल्यांदा ‘काय नावाचा दाट कोको’ म्हण, आईचा विनोदही तिथंच वापरून घे, आणि पुढे बिनधास्त ‘कायचा मग’, ‘गरम काय’ असं लिही. वाचक दोन पानांत सरावतो. आपण ‘सोलकढी’ इंग्रजीत लिहिताना कुठं भाषांतर करतो?

चाळकरी:
‘वॉच’ला पाळी. एवढा विचार कसला करताय? माझे वडील गिरणीत होते. दिवसपाळी, रात्रपाळी, तिसरी पाळी हेच शब्द आमच्या घरात घड्याळाच्या जागी होते. बोटीवरची वॉच म्हणजे कामाची पाळीच.

आणि ‘ओप्पो’ सोपा आहे. त्या भाषेत ‘समोरचा नंबर’, म्हणजे तुझी पाळी संपली की तुझ्या जागी येऊन उभा राहणारा. त्यावरून अर्थ झाला जिवलग दोस्त. आमच्याकडे त्याला ‘जोडीदार’ म्हणायचे. जोडीदार आला नाही तर साचा सोडून जाता येत नाही, हे ज्यानं अनुभवलंय त्याला ओप्पो समजावून सांगावा लागत नाही. ‘मित्र’ लिहू नका. मित्र उशिरा आला तर चालतं.

वर्णमाला:
‘जोडीदार’ उत्तम. ‘पाळी’बद्दल मात्र दुमत. बोटीवरच्या वॉचमध्ये काम असतं त्याहून जास्त जागं राहणं असतं. डोळे फाडून अंधारात बघणं, पाणबुडीची चाहूल घेणं. त्यासाठी ‘पहारा’ आपल्याकडे आहेच, आणि तो शब्द ‘प्रहर’पासून आलाय. म्हणजे पहारा देणं हे मुळातच कालमापन आहे: एक प्रहर जागायचं आणि दुसऱ्याला उठवायचं. इंग्रजी ‘वॉच’मध्येही जागणं आणि वेळ अशा दोन्ही गोष्टी एकत्र नांदतात. फरक इतकाच की आपला प्रहर तीन तासांचा, त्यांचा चार तासांचा. तळटीप दिली की झालं.

एक गंमत मात्र लेखात जरूर घ्या. चार-चार तासांचे सहा भाग केले तर सहा हा सम आकडा. दोनच गट असतील तर रोज त्याच गटाच्या वाट्याला मध्यरात्रीचे बारा ते चार येणार. बंडच व्हायचं. म्हणून दुपारी चार ते आठ हा भाग मधोमध कापून दोन-दोन तासांचे दोन तुकडे केले. एकूण सात झाले, आणि पाळी रोज आपोआप सरकू लागली. या दोन तुकड्यांना ते ‘डॉग वॉच’ म्हणतात. त्यातही पहिला ‘फर्स्ट’ आणि दुसरा ‘लास्ट’. ‘सेकंड’ म्हणणारा नवशिका म्हणून ओळखू येतो. ‘कुत्र्याचा पहारा’ असं भाषांतर कृपया कुणी करू नये. एका जुन्या मराठी अनुवादात मी ते पाहिलंय आणि अजून सावरलो नाही.

बोटीवरचा:
इतके दिवस नुसता वाचत होतो, पण आता राहवेना. मी रत्नागिरीकडचा, व्यापारी बोटींवर पंचवीस वर्षं काढलेली. आम्ही ना पाळी म्हटलं ना पहारा. ‘वाच’ म्हणायचो. “बारा-चारची वाच कोणाची?” बस. व्यापारी बोटीवर तीन वाच असतात आणि बहुधा ठरलेल्या असतात, ते डॉगबिग प्रकरण नौदलाचं.

मला बोलायचंय ते वेगळ्याच शब्दावर. या गोऱ्या खलाशांच्या आठवणींत मधूनच ‘लास्कर’ येतात. डेकवर लास्कर होते, थंडीनं कुडकुडत होते, एवढंच. पुढं नाव नाही, गाव नाही. हा शब्द आपल्याच ‘लष्कर’चा भाऊ आहे, पोर्तुगिजांच्या तोंडून फिरून गेलेला. पण ताई, त्याचं ‘लष्करी जवान’ करू नका हां. लास्कर म्हणजे हिंदुस्थानातला बोटीवरचा खलाशी. आणि ते कुणी परके नव्हते. बऱ्याच कंपन्यांची रीतच होती: डेकवर कोकणातली नाहीतर गुजरातेतली माणसं, इंजिनात पंजाबी-पठाण, जेवणघरात गोवेकर. डेकवरचा मुकादम म्हणजे सारंग, त्याच्या हाताखाली तांडेल, चूल सांभाळणारा भंडारी. इंग्रजीत स्पेलिंग विचित्र दिसतं, म्हणून ‘सेरंग’, ‘टिंडल’ असं काहीतरी छापू नका. शब्द आपल्या घरचे आहेत, घरच्यासारखेच लिहा.

पगार गोऱ्यांच्या मानानं फारच थोडा. १९३९ला युद्ध पुकारल्यावर ब्रिटिश बंदरांतल्या बोटींवर आपल्या खलाशांनी वाढीसाठी संप केले, त्यात कित्येकांना तुरुंग झाला. मस्जिद बंदरला खलाशांचं घर आहे, तिथलं स्मारक नि चितगावचं स्मारक मिळून जवळपास ६,००० हिंदी व्यापारी खलाशी आणि नौदलाचे चारशेहून अधिक यांची आठवण जपलेली आहे. डी’मेलो रोडवरनं रोज हजारो माणसं जातात. कुणाची मान वळत नाही. असो.

आणि तुमच्या त्या गोऱ्या नौदलाच्या पोरांचा ‘धोबी’ सापडला का? तिथं धोबी म्हणजे माणूस नाही, धुणं! ‘धोबी करणं’ म्हणजे कपडे धुणं. बोटीवरच दोघं-तिघं मिळून पैसे घेऊन इतरांचे कपडे धुवायचे, त्यांची ‘धोबी फर्म’.

सुकाणू:
काका, सापडला! आणि मी त्याचं ‘बोटीवर धोबी होता’ करून ठेवलं होतं. लगेच खोडलं. सारंग आणि तांडेलही तसेच ठेवते.

युद्धकाळात बोटीवर रोजनिशी ठेवायला मनाई होती. काहींनी लपवून ठेवली, पण बहुतेकांनी हे सगळं चाळीस-पन्नास वर्षांनी आठवून लिहिलंय. तारखा चुकतात, बोटींची संख्या चुकते. शब्द मात्र चुकत नाहीत. ज्याला महिना आठवत नाही त्याला ‘काय’ कोणत्या भांड्यातून आला ते आठवतं. म्हणून शब्दांचीच जास्त काळजी घेतेय.

आता सगळ्यात अवघड जागा. जुलै १९४२, रशियाला माल घेऊन निघालेला ‘पीक्यू १७’ हा ताफा. ४ जुलैच्या रात्री लंडनहून एकामागोमाग तीन संदेश आले. आधी, क्रूझरनी, म्हणजे ताफ्याच्या रक्षणाला असलेल्या मोठ्या युद्धनौकांनी, वेगानं पश्चिमेला मागं फिरावं. मग, ताफ्यानं ‘डिस्पर्स’ व्हावं. आणि काही मिनिटांतच दुरुस्ती: ‘स्कॅटर’ व्हावं. शब्दकोशात दोन्हींना एकच अर्थ, विखुरणे. पण नौदलात ते दोन निराळे हुकूम. पहिल्यात रांगा मोडायच्या आणि आपापल्या वेगानं त्याच बंदराकडं जायचं. दुसऱ्यात प्रत्येक बोटीनं नेमून दिलेल्या वेगळ्या दिशेला निघून जायचं, ताबडतोब. दुसरा शब्द ऐकल्यावर सगळ्यांनी एकच अर्थ काढला की जर्मनांची अजस्र युद्धनौका ‘टिर्पिट्झ’ आत्ता क्षितिजावर दिसणार. ती दिसली नाही, ती जवळपास नव्हतीच. पण एकट्यादुकट्या पडलेल्या बोटी पाणबुड्यांनी आणि विमानांनी एकेक करून टिपल्या. चोवीस व्यापारी बोटी गेल्या. ताफ्याला सोडून गेलेल्या विनाशिकांवरच्या (रक्षणाच्या छोट्या, वेगवान युद्धनौकांवरच्या) लोकांनी त्या रात्रीची लाज म्हातारपणापर्यंत बाळगलेली दिसते.

मला दोन शब्द हवेत. दोन्ही हुकमासारखे, एकाच दमात बोलता येणारे. दुसरा ऐकून पोटात गोळा आला पाहिजे.

चाळकरी:
‘पांगा’ आणि ‘फुटा’. बाजार उठला की माणसं पांगतात, आपापल्या चालीनं, पण घराकडंच. कळपात वाघ शिरला की कळप फुटतो.

वर्णमाला:
‘पांगा’ बिनचूक. ‘फुटा’ नको. फुटण्यात घाबरगुंडी आहे, आणि शिवाय आजच्या पोरांच्या तोंडी ‘फूट इथून’ आहे. हा हुकूम भयंकर होता, पण पळापळीचा नव्हता. कुणी कुठं वळायचं हे संकेतांच्या पुस्तकात आखून दिलेलं होतं. बोटी शिस्तीत पंख्यासारख्या उघडल्या. भय त्या शिस्तीतच आहे.

शब्दवेडी:
मग ‘फाका’! फाकणे. हाताची बोटं फाकवतो तशा बोटी फाकल्या. आकारही आला, शिस्तही आली, आणि मूठ सुटल्याचं भयही.

वर्णमाला:
वा. माझ्याकडे यावर बोलायला काही उरलं नाही.

बोटीवरचा:
फाकली की पुन्हा मिटत नाहीत. बरोबर शब्द.

सुकाणू:
“ताफ्यानं पांगावं.” तेरा मिनिटांनी: “ताफ्यानं फाकावं.” लिहून पाहिलं. ठेवते. ताफ्यांच्या नावांवरून आठवलं. ऑगस्ट १९४१ मध्ये रशियाला गेलेल्या पहिल्या ताफ्याचं नाव होतं ‘दर्विश’. तो सगळाच्या सगळा सुखरूप पोचला. आपल्याकडे दरवेशी म्हटलं की अस्वल घेऊन फिरणारा, त्यामुळे मला उगाच अस्वल घेऊन रशियात चाललेला माणूस दिसतो.

राहिलं ‘डीडी’. माणूस युद्धात गेला की नौदलाच्या कागदावर त्याच्यापुढं ही दोन अक्षरं यायची: ‘डिस्चार्ज्ड डेड’. म्हणजे नोकरीतून मोकळा केला, कारण मेला. फेब्रुवारी १९४५ मध्ये ‘ब्लूबेल’ नावाची कॉर्व्हेट, म्हणजे ताफ्यांना सोबत करणारी छोटी युद्धनौका, बुडाली. नाव फुलाचं, वाचला एकच माणूस. बाकीच्या सगळ्यांपुढं डीडी. ‘हुतात्मा’ लिहावंसं वाटतं, पण कारकुनानं तसं लिहिलं नव्हतं. ‘वीरगती’ तर नकोच.

चाळकरी:
सातबारा काढलाय का कधी? “नाव कमी – मयत.”

सुकाणू:
😐 हेच. धन्यवाद. हे वाचून पाचेक मिनिटं नुसती बसून होते.

शब्दवेडी:
शीर्षक काय देतेयस? ‘आठवणी’ फार सपक वाटतं, ‘संस्मरणे’ तर अध्यक्षीय भाषणासारखं.

सुकाणू:
त्यांचा स्वतःचा शब्द आहे ‘यार्न’. सूत, आणि लांबलचक गोष्टही. दोर वळता वळता सांगायच्या गोष्टी, म्हणून.

वर्णमाला:
मग शोधायला कुठं जायला नको. चऱ्हाट! दोर तो दोर, आणि न संपणारी कथा तीही. मराठीत त्यात थोडा वैताग आहे, ‘लावलं याचं चऱ्हाट’. पण खलाशांच्या शब्दातही तो आहेच की. कुणी जुनी फुशारकी सुरू केली की बाकीचे म्हणतात ‘दिवा हलवा’. जुन्या बोटीत छताला टांगलेला कंदील हेलकावे खायचा, म्हणून हातानं हलवल्याचा अभिनय करायचा. अर्थ: चला, म्हाताऱ्याची सुरुवात झाली.

बोटीवरचा:
हे दिव्याचं मला माहीत नव्हतं हो. आमच्यात नुसतं “सारंग सुटला” म्हणायचे. पण त्यावरून आठवलं. सत्याहत्तर साली एडनच्या अलीकडं आमचं इंजिन बंद पडलं, आणि भंडाऱ्यानं तीन दिवस…

शब्दवेडी:
हलवला दिवा. बोला काका.