मदत हवी आहे: मोरसला गेलेल्या पूर्वजाचा माग

नमस्कार मंडळी. आमची आजी पांढऱ्या साखरेला शेवटपर्यंत 'मोरस'च म्हणायची. मोरस म्हणजे मॉरिशस, आणि खापरपणजोबांचे धाकटे भाऊ तिथेच उसाच्या मळ्यावर गेले, हे कळलं तेव्हा माझी चाळिशी उलटली होती!

वाचायला घेतलं आणि सुन्न झालो. १८३५ साली तिथली गुलामगिरी संपली. भरपाई मिळाली ती मळेवाल्यांना. गुलामांना वर आणखी चार वर्षं 'उमेदवारी'च्या, म्हणजे शिकाऊ कामगार असल्याच्या, नावाखाली राबवलं. त्यांच्या जागी आपली माणसं करारावर नेली, कित्येक ठिकाणी त्यांच्याच झोपड्यांत ठेवली. एक दिवस खाडा झाला की दोन दिवसांची मजुरी कापायचे. याला करार म्हणायचं?

विचारायचंय ते असं. मॉरिशसमधल्या मोका इथल्या महात्मा गांधी संस्थेत मजुरांच्या नोंदी आहेत. त्या कोणी शोधून घेतल्यात का? आमच्याकडे फक्त नाव आणि गाव (रत्नागिरीजवळचं) आहे, जहाज किंवा साल माहीत नाही. तिकडच्या कारकुनांनी मराठी नावं कशी लिहिली असतील? तिथल्या मराठी मंडळींपैकी कोणी इथे असेल तर प्लीज सांगा.