इंटरकॉन्टिनेंटल चषक: विजेतेपद म्हणून नोंदवावा की सराव म्हणून?

प्रश्न: गोदाकाठ (नाशिक)

आमच्या शाळेच्या वार्षिक अंकासाठी भारतीय फुटबॉल संघाच्या अलीकडच्या कामगिरीवर लेख तयार करत आहे. जून २०१८ मध्ये अंधेरीच्या मैदानावर भारताने केनियाला २-० असे हरवून इंटरकॉन्टिनेंटल चषक जिंकला, दोन्ही गोल सुनील छेत्रीचे होते. परंतु त्या स्पर्धेत भारताखेरीज केनिया, न्यूझीलंड आणि चायनीज तैपेई (म्हणजे तैवान) एवढेच संघ होते आणि तेही निमंत्रणावरून आलेले. सॅफ या दक्षिण आशियाई स्पर्धेच्या विजेतेपदांच्या तक्त्यात हा चषक त्याच ओळीत बसवणे योग्य ठरेल काय? शिवाय २०२४ पर्यंत ही स्पर्धा चारच वेळा झाली, ती का रुजली नाही, याचेही उत्तर हवे आहे.

डावा बॅक (नाशिक रोड)

एकाच ओळीत बसवू नये, असे माझे मत आहे. सॅफ ही दक्षिण आशियाई महासंघाची अधिकृत स्पर्धा आहे, तर हा चषक अखिल भारतीय फुटबॉल महासंघाने जानेवारी २०१९ मधील आशियाई चषकाच्या तयारीसाठी भरवला होता आणि फिफाच्या लेखी त्यातील सामने मैत्रीपूर्णच होते. तयारीची मालिका म्हणून मात्र ती उत्तम होती. न्यूझीलंडच्या संघात नवख्या खेळाडूंचा भरणा असूनही त्यांनी आपल्याला २-१ असे हरवले, यावरून सामने लुटुपुटूचे नव्हते हे दिसते.

साखळीचा हिशेबही लेखात जरूर द्यावा, कारण मुलांना तो आवडेल. भारताने तैपेईला ५-० आणि केनियाला ३-० असे हरवले. केनियाने न्यूझीलंडला २-१ असे नमवले. न्यूझीलंडने तैपेईवर १-० असा निसटता विजय मिळवला. शेवटच्या साखळी सामन्यात केनियाने तैपेईवर चार गोल चढवले आणि भारत, केनिया व न्यूझीलंड या तिघांचेही सहा-सहा गुण झाले. गोलफरक (केलेल्या गोलांतून खाल्लेले गोल वजा) भारताचा सात, केनियाचा दोन आणि न्यूझीलंडचा एक. यजमानांना हरवूनही न्यूझीलंड अंतिम फेरीबाहेर राहिले, ते केवळ एका गोलाच्या फरकाने.

पंचवटीकर

वरील हिशेब अचूक आहे, पण त्या स्पर्धेची खरी कहाणी गुणतक्त्यात सापडणार नाही. तैपेईविरुद्धच्या पहिल्या सामन्याला जेमतेम २,५६९ प्रेक्षक होते. दुसऱ्या दिवशी छेत्रीने चित्रफितीतून लोकांना आर्जव केले की आमच्यावर टीका करा, हवे तर शिव्या द्या, पण मैदानावर या. ४ जूनच्या केनियाविरुद्धच्या सामन्याची, म्हणजे छेत्रीच्या शंभराव्या आंतरराष्ट्रीय सामन्याची, सर्व तिकिटे खपली आणि भर पावसात लोक बसून राहिले. अंतिम सामन्यातील दोन गोलांनी त्याच्या आंतरराष्ट्रीय गोलांची संख्या ६४ झाली आणि तेव्हा खेळत असलेल्या खेळाडूंमध्ये त्याने मेस्सीशी बरोबरी साधली.

एखाद्या स्पर्धेने प्रेक्षकांना मैदानापर्यंत आणले असेल, तर तिला केवळ सराव म्हणून बाजूला सारणे मला पटत नाही.

मैदान-निरीक्षक (सिडको)

पंचवटीकर, प्रेक्षक छेत्रीच्या आवाहनामुळे आले, चषकामुळे नव्हे. आवाहन नसलेल्या वर्षांकडे पाहावे.

जुलै २०१९ मध्ये स्पर्धा अहमदाबादला झाली. ताजिकिस्तानविरुद्ध मध्यंतराला २-० अशी आघाडी घेऊन भारत ४-२ असा हरला, उत्तर कोरियाने पाच गोल केले, सीरियाशी १-१ अशी बरोबरी झाली आणि यजमान चौथे आले. चषक उत्तर कोरियाने नेला. २०२३ मध्ये भुवनेश्वरला लेबनॉन, मंगोलिया आणि वानुआतू आले, आणि भारताने लेबनॉनला २-० असे हरवून दुसऱ्यांदा चषक जिंकला. २०२४ मध्ये हैदराबादला तर तीनच संघ उरले. मॉरिशसशी गोलशून्य बरोबरी आणि सीरियाकडून ३-० असा पराभव, अशी आपली कामगिरी झाली.

स्पर्धा का रुजली नाही, याचे उत्तर याच यादीत आहे. निमंत्रण स्वीकारण्याचे बंधन कोणावरही नसते. फिफाने ठरवून दिलेल्या आंतरराष्ट्रीय सामन्यांच्या कालावधीबाहेर क्लबांना खेळाडू सोडावेच लागत नाहीत, आणि त्या कालावधीत बलाढ्य संघ पात्रता सामन्यांत किंवा स्वतःच ठरवलेल्या लढतींत गुंतलेले असतात. फिफा क्रमवारीचे गुण मोजण्याच्या सध्याच्या सूत्रात मैत्रीपूर्ण सामन्याला ५ किंवा १० इतके वजन आहे, तर पात्रता सामन्याला २५. मग दूरच्या संघाने पूर्ण ताकदीनिशी भारतात का यावे? त्यात कोविडने मधली वर्षे गिळली आणि दर वेळी शहर बदलल्याने एखाद्या गावाला ही आपली स्पर्धा वाटावी, अशी सवयही लागली नाही.

गोदाकाठ

सर्वांचे आभार. सॅफचा तक्ता स्वतंत्र ठेवतो आणि हा चषक ‘निमंत्रितांच्या स्पर्धा’ या शीर्षकाखाली नेहरू चषकाशेजारी देतो. २०१८ आणि २०२३ ही दोन वर्षे पुरेशी होतील ना?

डावा बॅक

चारही वर्षे द्यावीत, आणि पुढच्या रकान्यात लगतच्या आशियाई चषकातील निकाल लिहावेत. २०१८ च्या विजयानंतर भारताने थायलंडला ४-१ असे हरवले, पण अमिराती आणि बहरीनकडून हरून गटातच गारद झाला. २०२३ च्या विजयानंतर ऑस्ट्रेलिया, उझबेकिस्तान आणि सीरिया या तिघांविरुद्ध भारताला एकही गोल करता आला नाही.