मदत हवी आहे: जिगसॉने महिरप कापताना खालची कड तिरकी जाते, मशीनमधून ठिणग्याही दिसतात

गावभागातली

नमस्कार मंडळी,

मी सांगलीत गावभागात राहते. शिवणकाम करते. सुतारकाम कधी शिकले नाही, त्यामुळे प्रश्न बाळबोध वाटला तरी सांभाळून घ्या.

आमच्या गणपतीचं मखर अण्णांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, स्वतः प्लायचं केलं होतं. ऑगस्ट २०१९ च्या पुरात कृष्णेवरच्या आयर्विन पुलापाशी पाणी ५७ फुटांच्या वर गेलं, तेव्हा आमच्या घरात ते छातीएवढं होतं. ओसरल्यावर बघतो तर मखराच्या प्लायचे पापुद्रे सुटून भिजलेल्या वहीसारखे फुगले होते. चतुर्थी २ सप्टेंबरला होती. घर धुऊन पुसून नुसत्या पाटावर गणपती बसवला. तेव्हापासून विकतचीच आरास चालू आहे. अण्णांचा वायरवाला जिगसॉ (वर-खाली हलणाऱ्या पात्याची विजेची करवत) मात्र माळ्यावर होता, म्हणून वाचला.

अण्णांचा हात आता थरथरतो, मशीन धरवत नाही. यंदा ते म्हणाले, "खाका मी काढून देतो, काप तू." म्हणून हा खटाटोप.

मी १२ मिमीचे दोन प्लाय एकावर एक ठेवून सी-क्लॅम्पने आवळले, वर खाका चिकटवला आणि दोन्ही एकदमच कापले. पुढची आणि मागची महिरप तंतोतंत जुळावी एवढाच हेतू. वरचा तुकडा बरोबर रेघेवर आला. खालचा मात्र पाकळीच्या वळणावर ४ मिमी बाहेर. सरळ भागात काही फरक नाही, फक्त वळणांवर आहे. शिवाय वरच्या बाजूने कडेचे बारीक ढलपे उडालेत.

मशीनवर स्पीडची चाकी आहे आणि बाजूला ० ते ३ असा खटका आहे. तो २ वर होता, कशासाठी असतो ते मला माहीत नाही. ब्लेडवर टी १४४ डी असं लिहिलंय. पाचेक मिनिटं चालवलं की जळका वास येतो, मागच्या जाळीतून नारिंगी ठिणग्या दिसतात आणि वायर हलली की मशीन मध्येच क्षणभर बंद पडतं.

अण्णांना विचारलं तर म्हणतात, "हाताला कळतं." माझ्या हाताला अजून कळत नाही आणि प्लाय फार महाग झालाय. दोन महिरपी गेल्या, तिसरी घालवायची नाही. माझं नेमकं कुठे चुकतंय?

वायंडिंगवाला

ताई, आधी मशीन बंद ठेवा, कापायचं नंतर बघू. वायर हलल्यावर बंद पडतंय म्हणजे मुठीत शिरते तिथे, रबरी नळीच्या आसपास, आतली तार तुटली आहे. बाहेरचं आवरण धड दिसतं, म्हणून लक्षात येत नाही. तेवढा तुकडा कापून टाकून वायर नव्याने जोडून घ्या. चिकटपट्टी गुंडाळून चालवू नका.

ठिणग्यांचं म्हणाल तर बारीक निळसर ठिणगी चालते. नारिंगी आणि गोल फिरणारी दिसत असेल तर कार्बन, म्हणजे मोटरच्या फिरत्या भागाला वीज पोचवणारे दोन छोटे तुकडे, झिजून संपलेत. दोन्ही एकदम बदलायचे, एक जुना एक नवा करायचा नाही. नवे घातल्यावर काही मिनिटं रिकामं फिरवा, मग लाकडाला लावा. उघडलंच आहे तर जाळ्यांतला भुसा ब्रशने काढून घ्या. हवा आत जाईना की मोटर तापते आणि तो वास येतो.

मिरजेहून

पिन दोनच आहेत का हो प्लगला? माझ्या मशीनला अर्थिंगची पिनच नाही, शॉकची भीती वाटते.

वायंडिंगवाला

नावाच्या पट्टीवर चौकोनात चौकोन अशी खूण आहे का बघा. ती असेल तर मशीन डबल इन्सुलेशनचं असतं, त्याला अर्थ लागत नाही. भिजलेल्या हाताने मात्र तेही धरू नये.

जुना रंधा

ताई, तुम्ही शिवणकाम करता म्हणालात, म्हणजे तुम्हाला हे लगेच कळेल. १९४६ साली स्वित्झर्लंडच्या सिंटिला कंपनीतल्या आल्बर्ट काउफमान यांनी शिलाई मशीनमध्ये सुईच्या जागी करवतीचं पातं बसवलं आणि त्यातून जिगसॉ निघाला. आता आठवा, शिवताना कापड मागून ओढलं की काय होतं? सुई वाकते, टाका सुटतो. इथेही तेच. पातं फक्त वरून धरलेलं असतं, खालचं टोक मोकळं. वळणावर तुम्ही मशीन आडवं रेटलं की वरचा भाग रेघेवर राहतो आणि खालचं टोक वाकून भलतीकडे जातं. सरळ भागात आडवा जोर नसतो, म्हणून तिथे फरक आला नाही.

त्यात पातंही वळणाचं नाही. टी १४४ डी मोठ्या दातांचं, सरळ आणि झटपट कापायला. महिरपीला टी १०१ एओ आणा. अरुंद आहे, बारीक दातांचं आहे. पण ते १५ मिमी जाडीपर्यंतच, आणि तुमचे दोन प्लाय मिळून २४ होतात. म्हणून दोन्ही एकदम कापायचा विचार सोडा. एक महिरप रेघेच्या मिलीमीटरभर बाहेरून कापा, कानस आणि पॉलिश पेपरने रेघेवर आणा, मग तीच दुसऱ्या प्लायवर ठेवून पेन्सिल फिरवा. आमच्याकडे एकसारखे दहा तुकडे करायचे असले तरी पहिला नीट करून बाकीचे त्यावरूनच आखतो.

तो ० ते ३ चा खटका पातं पुढे-मागे झुलवण्यासाठी असतो. सरळ जाड लाकूड भराभर फाडताना तो उपयोगी. तुम्ही तो ० वर ठेवा. पातं वर जाताना कापतं, म्हणून ढलपे वरच्या बाजूला उडतात. दिसणारी बाजू खाली ठेवा आणि वर रेघेवर मास्किंग टेप लावून त्यावर खाका चिकटवा.

आणि प्लग काढून दोन गोष्टी बघा. गुण्या (काटकोन तपासायचं हत्यार) मशीनच्या तळपट्टीवर ठेवून पात्याला टेकवा, तळपट्टीच तिरकी असेल तर ॲलन कीने (सहा कोनी चावीने) सरळ करा. पात्याच्या पाठीला एक छोटी चाकी टेकते, ती बोटाने फिरते का पाहा. ती अडकली असेल तर पात्याला पाठीशी आधारच उरत नाही.

पाकळ्या जिथे आत मिळतात त्या कोपऱ्यात आधी ड्रिलने भोक पाडा, पातं तिथे पोचलं की वळायला जागा मिळते. मशीन चालू करून मग लाकडाला लावा, पूर्ण थांबल्यावरच उचला. ओढणी बाजूला ठेवा, चष्मा आणि मास्क लावा.

मिरजेहून

पात्याच्या पाकिटावर किती मिमीपर्यंत हे लिहिलेलं असतं, मी आजवर वाचतच नव्हतो.

गावभागातली

आठवड्याने लिहिते आहे. वायर आणि कार्बन दुरुस्त करून आणले. जुना कार्बन जेमतेम नखाएवढा उरला होता. वास गेला, मशीन अडखळत नाही.

जुना रंधा काका, तुम्ही म्हणालात ती चाकी खरंच फिरत नव्हती. भुसा आणि फेविकॉल मिळून तिच्याभोवती कठीण पिवळं कडं झालं होतं. सुईने कोरून काढलं आणि शिलाई मशीनच्या तेलाचा एक थेंब सोडला. मग फिरली. तिच्यावर एका जागी घासून सपाट झालेली खूण आहे, म्हणजे बरीच वर्षं ती तशीच होती.

गणपती पेठेतून टी १०१ एओ आणलं. खटका ० वर. आधी रद्दी तुकड्यावर दोन वळणं कापली. जोर दिला की मशीनचा आवाज दबतो, हात सैल सोडला की मोकळा होतो. आता त्या आवाजावरच चालवते. अण्णा शेजारी खुर्ची टाकून बसले होते, वळण आलं की तेही नुसते "हं" म्हणायचे.

पहिली महिरप झाली. कडेला गुण्या लावला, उजेड दिसत नाही. दुसरी तिच्यावरून आखून ठेवली आहे, उद्या कापते. सगळ्यांचे मनापासून आभार.

एकच राहिलं. हा साधा प्लाय आहे. पुन्हा पाणी आलं तर पापुद्रे सुटतील का?

जुना रंधा

सुटतील. आयएस ७१० हा भारतीय मानकाचा क्रमांक छापलेला मरीन प्लाय पाण्यात जास्त टिकतो, पण आता कापलेलं टाकू नका. पाणी कडेतून शिरतं, म्हणून कापलेल्या कडांना लाकडाचा प्रायमर दोनदा मारा, वळणांच्या आतल्या बाजूलाही. मखर सुटं होईल असं नटबोल्टने जोडा आणि विसर्जन झालं की जिगसॉशेजारी माळ्यावर चढवा.