इटालियन नटी आन्ना मान्यानी: 'रोमा चित्ता आपेर्ता'नंतर काय बघावं? आणि ओठ-आवाज जुळत नाहीत ते का?

खिडकीतला
'रोमा चित्ता आपेर्ता' (1945) बघितला. मान्यानीची पीना अर्ध्या वाटेतच गोळी लागून पडते आणि पुढे चित्रपटभर नाही. तिचं काम नीट बघायचं तर पुढचे दोन-तीन कोणते? दुसरं म्हणजे ओठ आणि आवाज जुळत नव्हते. फाइल खराब की मूळचंच तसं? सबटायटल्सही सुरुवातीला ठीक होती, शेवटी चारेक मिनिटं मागे.

रीळवाला
या दोन वेगळ्या भानगडी आहेत.

ओठांचं मूळचंच. जून 1944 मध्ये रोम जर्मनांच्या हातून सुटलं आणि 1945 च्या सुरुवातीला दिग्दर्शक रोस्सेलिनीने याचं शूटिंग सुरू केलं. कच्ची फिल्म मिळेल तशी जमवलेली, ध्वनिमुद्रणाला पैसे नाहीत. म्हणून मुकं शूट करून आवाज नंतर भरला. पुढे बरे दिवस आले तरी इटलीत ही सवय सुटली नाही. चेहरा एकाचा, आवाज दुसऱ्याचा, हे सर्रास. क्लाउदिया कार्दिनाले या नटीचा स्वतःचा आवाज ऐकायला 1963 चा फेल्लिनीचा 'ओत्तो ए मेद्झो' यावा लागला. मान्यानी मात्र स्वतःच बोलते. त्यामुळे ट्रॅक इटालियनच ठेवा. इंग्रजी डबमध्ये तिचा घोगरा रोमन हेल तर जातोच, शिवाय या चित्रपटात जर्मन आणि इटालियन बोलणाऱ्यांमधला फरकही पुसला जातो.

सबटायटल्सचा घोळ फ्रेमरेटचा. चित्रपट सेकंदाला 24 फ्रेमचा. टीव्हीसाठी 25 ने चालवला की 100 मिनिटांचा 96 मिनिटांत संपतो. 24 ची सबटायटल्स त्याला लावली की दहाव्या मिनिटाला 24 सेकंद आणि शेवटी चार मिनिटं मागे. नुसता डिले देऊन उपयोग नाही, एक जागा जुळेल आणि बाकी सगळं चुकेल. सबटायटल एडिटरमध्ये फ्रेमरेट 24 वरून 25 करा. जमलं तर 24 चीच प्रत शोधा, कारण 25 च्या प्रतीत आवाजाची पट्टी जवळजवळ अर्ध्या सुराने चढते. या बाईच्या आवाजाचं तेवढ्यानेही नुकसान होतं.

अर्धविराम
पुढचा 'बेल्लिस्सिमा' (1951), दिग्दर्शक विस्कोंती. इथे ती सुरुवातीपासून शेवटपर्यंत आहे. मद्दालेना घरोघर इंजेक्शनं देऊन पैसे कमावते आणि लेकीला चिनेचित्तात (रोमचा फिल्म स्टुडिओ) बालकलाकार करायच्या मागे लागते. वशिल्यासाठी 50,000 लिरा घेणारा पोरगा त्यातून स्वतःला लॅम्ब्रेटा घेतो! ती जोरात बोलत असते तेव्हा नव्हे, गप्प होते तेव्हा बघा. प्रोजेक्टरच्या खोलीतून ती लेकीची स्क्रीन टेस्ट बघते. पडद्यावर पोर रडतेय आणि खाली बसलेले लोक हसतायत. तो चेहरा बघून मग पीनाचं ट्रकमागे धावणं पुन्हा लावा. (पीनामागे खरी घटना आहे: तेरेझा गुल्लाचे, 3 मार्च 1944, रोम. बराकीत डांबलेल्या नवऱ्याला भेटायला गेलेली गरोदर बाई, तीही अशीच गोळी लागून गेली.)

सांजवात
'बेल्लिस्सिमा'ला माझंही मत, पण 'मम्मा रोमा' (1962) लगेच नको. तिचं मोठं काम असलं तरी त्याचा दिग्दर्शक पाझोलिनी, त्याला साधे, नट नसलेले चेहरे हवे असत आणि ही तर कसलेली नटी. दोघांची ओढाताण पडद्यावर जाणवते. मला तीच आवडते. रात्रीच्या रस्त्यावरचा लांबलचक शॉट खास: ती बोलत चालत येते, कॅमेरा तिच्यापुढे मागे सरकत जातो, अंधारातून एकेक माणूस येऊन सोबत चालतो आणि गळतो, तिची गोष्ट चालूच. सबटायटल्स मागे असतील तर या शॉटचा पार चुथडा होतो.

ऑस्करवाला 'द रोझ टॅटू' (1955) शेवटी ठेवा. अमेरिकन नाटककार टेनेसी विल्यम्सने मूळ नाटक तिच्यासाठीच लिहिलं होतं, पण इंग्रजीचा भरवसा नाही म्हणून 1951 मध्ये ती ब्रॉडवेवर गेली नाही. भूमिका मॉरीन स्टेपलटनने केली. चित्रपटात मान्यानी उत्तम, तिच्यासोबतचा बर्ट लँकेस्टर मात्र फार उड्या मारतो.

रीळवाला
एक भर. 'ट्रॅक इटालियनच' हे 'द रोझ टॅटू'ला लागू नाही, तो इंग्रजीच. रेन्वारचा 'द गोल्डन कोच' (1952) सुद्धा नाही. बरेच नट इटालियन, दिग्दर्शक फ्रेंच, पण शूटिंग इंग्रजीत झालंय. तिथे इंग्रजी ट्रॅक लावा, तिचे अडखळते उच्चार तिचेच आहेत.