मंगळावर जायचं तर यान फिरतं हवं, व्यायामावर भागणार नाही

कृत्तिका

मार्च २०२५ मध्ये अंतराळवीर सुनीता विल्यम्स आणि बुच विल्मोर अंतराळ स्थानकावरून परत आले. आठ दिवसांसाठी गेले होते, २८६ दिवस राहिले. यानातून काढून स्ट्रेचरवर ठेवलं, तेव्हा आमच्या घरी सगळ्यांच्या तोंडी एकच प्रश्न होता, "यांना आता चालता येईल ना?" स्ट्रेचर ही नेहमीची पद्धत आहे, पण प्रश्न खोटा नाही.

वजनरहित अवस्थेत कंबरेच्या आणि मांडीच्या हाडांची घनता महिन्याला साधारण १ ते दीड टक्का घटते. उतारवयात वर्षभरात होते तेवढी झीज एका महिन्यात! सुटलेलं कॅल्शियम लघवीत उतरतं, म्हणून मुतखड्याचीही भीती. अंतराळ स्थानकावर यावर उपाय म्हणजे रोज दोन-अडीच तास व्यायाम. तिथे लोखंडी वजनांना वजनच नसतं, म्हणून एरेड नावाच्या यंत्रात निर्वात नळकांड्यांचा ताण देऊन बैठका मारतात. एवढं करूनही २०२२ साली प्रसिद्ध झालेल्या १७ अंतराळवीरांच्या अभ्यासात निम्म्याहून जास्त जणांचं नडगीचं हाड परतल्यावर वर्ष उलटलं तरी पूर्ववत झालेलं नव्हतं.

डोळ्यांचं तर विचारूच नका. अंगातलं पाणी डोक्याकडे चढतं, दृष्टीच्या नसेला सूज येते, काहींच्या चष्म्याचा नंबर बदलतो. याला कुठली बैठक चालणार?

मूळ कारण एकच, अंगावर भार नाही. मग भारच परत आणा. यान स्वतःभोवती फिरवलं की बाहेरच्या कडेला वजन जाणवतं. मिनिटाला दोन फेऱ्या घेऊन पृथ्वीइतकं वजन हवं असेल तर त्रिज्या सुमारे २२४ मीटर लागते, चार फेऱ्यांना ५६ मीटर. लांब दोरानं जोडलेले दोन भाग एकमेकांभोवती फिरवणं अशक्य नाही. स्थानकासाठी जपाननं घडवायला घेतलेला अपकेंद्री कक्ष, म्हणजे फिरवून वजन निर्माण करणारा कक्ष, २००५ साली रद्द झाला. तो निर्णय मला आजही चुकीचा वाटतो.

मिरजेचा_डॉक्टर

कळकळ पोचली कृत्तिकाताई, पण असहमत.

१९७० मध्ये सोयूझ ९ या सोव्हिएत यानातले दोघे फक्त १८ दिवस वर होते. उतरल्यावर त्यांना धड उभं राहवेना. आणि व्हालेरी पोल्याकोव्ह? स्वतः डॉक्टर, जानेवारी १९९४ ते मार्च १९९५ असे सलग ४३७ दिवस मीर या रशियन स्थानकावर. उतरल्यावर कुपीपासून जवळच्या खुर्चीपर्यंत आपल्या पायांनी चालत गेले. मंगळावर उतरणारा माणूस कामाचा राहतो, हेच त्यांना दाखवायचं होतं. १८ दिवस आणि ४३७ दिवस यांतला फरक कशानं पडला? मुख्यतः शिस्तीच्या व्यायामानं. वजन निर्माण करण्यासाठी यान दोन्ही वेळा फिरवलेलं नव्हतं.

आता औषधही आहे. आमच्या ओपीडीत हाडं ठिसूळ झालेल्या आज्यांना आठवड्याला एक देतो, तीच ७० मिलिग्रॅमची अॅलेंड्रोनेटची गोळी काही अंतराळवीरांनी एरेडच्या जोडीनं घेतली आणि कंबरेची झीज बऱ्यापैकी थांबली.

फिरवण्याचा प्रयोगही झाला आहे. २०१९ मध्ये जर्मनीत कोलोन इथे वजनरहित अवस्थेची नक्कल म्हणून स्वयंसेवकांना ६० दिवस डोक्याकडची बाजू ६ अंश खाली ठेवून झोपवलं आणि त्यातल्या काहींना रोज अर्धा तास फिरत्या यंत्रात ठेवलं. स्नायू-हाडांना म्हणावा तसा फायदा झाला नाही. शिवाय फिरत्या यानात मान वळवली की गरगरतं. दोर तुटला, इंजिन चालवायची वेळ आली, तर काय? बिघडू शकेल असं आणखी एक यंत्र रुग्णाच्या गळ्यात कशाला बांधायचं?

कृत्तिका

डॉक्टर, कोलोनचा दाखला मला मान्य नाही. तो अर्धा तास होता, मी चोवीस तासांबद्दल बोलतेय. माझी आजी खुबा मोडून तीन महिने अंथरुणावर होती. फिजिओथेरपिस्ट रोज वीस मिनिटं व्यायाम करून घ्यायच्या, तरी पोटऱ्या काडीसारख्या झाल्या. परसातल्या तुळशीपर्यंत ती स्वतः जायला लागली, तेव्हा कुठे पायांत जीव आला. दिवसभराचं उठणं-बसणं हाच खरा व्यायाम असतो.

मिरजेचा_डॉक्टर

आजींचं उदाहरण माझ्या बाजूनं जास्त बोलतं. अंथरुणातल्या व्यायामात पायांवर अंगाचा भार येत नव्हता, तुळशीपर्यंत चालताना आला. हाडाला तासांपेक्षा भाराचा जोर जास्त कळतो. मोजक्याच पण जोरकस बैठकांनी ते टिकतं, आणि तेवढा भार एरेड देतं.

इंद्रायणी

दोघांचंही वाचलं. मला वाटतं, हाडांवर एवढा खल करण्यात मोठा धोका बाजूला राहतोय.

क्युरिऑसिटी ही नासाची गाडी मंगळाकडे जाताना तिच्यातल्या उपकरणानं किरणोत्सर्ग मोजला. त्यावरून फक्त जाण्यायेण्याच्या प्रवासात माणसाला सुमारे ६६० मिलिसीव्हर्ट (किरणोत्सर्गाच्या मात्रेचं एकक) मात्रा बसेल. नासाची संपूर्ण कारकिर्दीची मर्यादा ६०० आहे! यान फिरवा नाहीतर बैठका मारा, त्यात फरक पडत नाही. प्रवास लवकर संपवणारं इंजिन आणि चांगला आडोसा, पैसा तिथे घाला.

दुसरं, आजारपण. १९८५ मध्ये सॅल्युत ७ या सोव्हिएत स्थानकावर अंतराळवीर व्लादिमीर वास्युतिन आजारी पडले, तर मोहीम अर्धवट टाकून सगळे खाली आले. अलीकडे स्थानकावर एकाच्या मानेच्या शिरेत रक्ताची गाठ सापडली. पृथ्वीवरचे डॉक्टर सोनोग्राफी कशी करायची ते सांगत होते, रक्त पातळ करणारं औषध पुरवून वापरलं, बाकीचं मालवाहू यानानं पाठवलं. मंगळाच्या वाटेवर औषध कोण पोचवणार? तिथे एक प्रश्न विचारून उत्तर यायलाच चाळीस मिनिटं लागू शकतात.

मिरजेचा_डॉक्टर

इंद्रायणी, मालवाहू यानाचा मुद्दा शंभर टक्के पटला. तुकडीत एक तरी शल्यविशारद हवाच.

आणि कृत्तिकाताई, डोळ्यांचं मी मघाशी टाळलं, ते बरोबर नव्हतं. पाणी पायांकडे ओढणारी चिबिस नावाची निर्वात विजार रशियन वापरतात, पण ती घालून माणूस दिवसभर वावरू शकत नाही. नसेच्या सुजेवर खात्रीचा इलाज माझ्याकडे नाही.

कृत्तिका

मग २०३५ पर्यंत उभारायचं ठरलेलं आपलं भारतीय अंतराळ स्थानक नुसतं तरंगतं कशाला ठेवायचं? मंगळावर वजन पृथ्वीच्या ३८ टक्के. तेवढ्यावर माणसाचे डोळे आणि हाडं महिनोन्‌महिने टिकतात का, हे अजून कुणी तपासलेलं नाही. एक फिरता कक्ष पहिल्या आराखड्यातच असू दे.

मिरजेचा_डॉक्टर

उंदरांसाठी असेल तर आजच सही करतो. माणसांसाठी नाही, अजून नाही. त्याआधी त्याच जागेत दुसरं व्यायामयंत्र बसवा, एक बंद पडलं तर हाताशी असेल.

कृत्तिका

दुसऱ्या यंत्रानं डोळे वाचणार नाहीत, डॉक्टर. मी फिरत्या कक्षावरच ठाम आहे.