काल्पनिक धर्मातली 'निघडी': वेळ थांबते म्हणजे नेमकं काय थांबतं?

पांदणवाट
कादंबरीसाठी एक धर्म रचतो आहे. गाव विदर्भातल्या पूर्णेच्या खोऱ्यातलं, काळी माती, कपाशी, खारं पाणी. देवळात मूर्ती नाही. गाभाऱ्यात पाण्यानं भरलेलं घंगाळ आणि त्यात तरंगणारी घटिकापात्राची तांब्याची वाटी: तळाला बारीक भोक, त्यातून पाणी शिरून ती ठरावीक वेळात बुडते, तेवढी एक घटिका. या लोकांची सर्वांत पवित्र अवस्था म्हणजे 'निघडी', जिच्यात घडीच नाही. सध्याच्या मसुद्यात पुजारी मंत्र म्हणतो आणि सगळं गोठतं: वारा, पाखरं, माणसं. वाचताना सपाट वाटतं. निघडी कशातून उपजावी, किती टिकावी, विधीत काय बिघडावं? वाटीचं गणितही चुकायला नको.

घंगाळ
सपाट वाटणारच. सगळंच गोठलं तर ते गोठलेलं पाहायला कोणी उरत नाही. थांबवायची ती मोजणी. वारा वाहू द्या, बैल रवंथ करू द्या, चुलीवरचं दूध उतू जाऊ द्या. फक्त कोणी काही मोजायचं नाही.

आणि हे तुमच्या वाटीतच दडलेलं आहे. सूर्यसिद्धान्त या जुन्या ज्योतिषग्रंथातली तांब्याची वाटी दिवसरात्रीत ६० वेळा बुडते. एक घटिका २४ मिनिटांची, तिची पळं ६०, म्हणजे पळ २४ सेकंदांचं. आता पुजाऱ्याचा हात जवळून पाहा. वाटी बुडून तळाला टेकली की तो कोपरापर्यंत हात घालतो, वाटी काढतो, पालथी करतो, फडक्यानं आतून पुसतो, भोकावर फुंकर मारतो आणि पुन्हा पाण्यावर ठेवतो. यात पळभर जातंच. ते पळ आधीच्या घटिकेतही नाही आणि पुढच्याही नाही.

दर वाटीमागे एक पळ सांडलं, तर सूर्योदय ते सूर्योदय ६० नाही, ५९ वाट्या बुडतात. ५९ गुणिले ६१ म्हणजे ३५९९ पळं, अहोरात्राची ३६००. सांडलेली ५९ आणि शेवटी उरलेलं १, मिळून नेमकी एक घटिका. ती साठावी घटिका देवाची. मंत्रानं काही आणावं लागत नाही, निघडी रोज होतेच. या लोकांना ती दिसते, एवढंच.

मग नियम ठरवा, गोष्ट तिथेच आहे. निघडीत व्याज चढत नाही, नवस फेडला तरी धरत नाहीत, सुतक लागत नाही. मूल जन्मलं तर त्याचं वय पुढची वाटी पाण्यावर टेकल्यापासून. आणि कोणी गेलं तर? 'घटका भरली' असं आपण म्हणतो, पण इथे तर घटकाच नव्हती. घरच्यांनी रडायचं की थांबायचं, हा पेच मला फार मोलाचा वाटतो. तो एका वाक्यात उरकू नका.

तांबटआळी
वाटीचं मी सांगतो भाऊ. १० सेंटिमीटर तोंडाची, १०० ग्रॅमची अर्धगोल वाटी धरली तं २४ मिनिटांसाठी भोक मिलिमीटरहून लहान लागते. पयले बारीकच पाडजा, मंग सुईनं थोडं थोडं वाढवजा. वाटी उशिरा बुडत असन तं भोक वाढवता येते. लवकर बुडत असन तं पळसाच्या लाखेनं बुजवून नव्यानं पाडा लागते, काहून का मोठं झालेलं भोक लहान होत नाई.

बिघडते ते असं. खारपाणपट्ट्यातलं पाणी वापरलं का भोकात क्षार धरतो आन् वाटी उशीर करते. तुमच्या गावात हेच व्हईन, मंग देवाची घटिका वाढते का पुजाऱ्याचा आळस, यावर भांडण लावा. उन्हाळ्यात घंगाळ तापलं का पाणी पातळ होते, वाटी लवकर बुडते. आतून नीट पुसली नाई, थेंब राह्यले, तरी लवकर. भोकात बुडबुडा अडकला तं पाणी शिरतच नाई. फुंकर त्याच्यासाठीच हाये. तेलकट हात लावू नोका, वाटी राखेनं घासजा. पाणी पावसाचं, दुहेरी कापडातून गाळलेलं.

आन् दोन वाट्या ठेवू नोका. एक बुडताबरोबर दुसरी टेकवली तं पळ सांडतच नाई, तुमचा देवच जाते.

पांदणवाट
दोन वाट्यांचं डोक्यातही आलं नव्हतं. त्यातून पंथ फुटू शकतो. वर्षातून एकदा अख्खी घटिका पाळायची 'थोरली निघडी' हवी आहे. ती केव्हा ठेवू? आणि मोजणी बंद असताना ती संपली हे कळावं कसं?

ओळंबा
शून्य सावलीच्या दिवशी. अमरावतीच्या अक्षांशावर सूर्य २५ मेच्या आसपास बरोबर डोक्यावर येतो, घड्याळात सव्वाबाराच्या थोडं पुढे. गाव दक्षिणेला सरकवलंत तर तारीख अलीकडे येईल. चंद्रपूरकडे ती २० मेच्या सुमारास येते.

वाटी पालथी घालायची आणि सावलीवर सोडायचं. अंगणात मीटरभर काठी उभी करा. त्या वेळी सावली मिनिटाला सुमारे ४ मिलिमीटर सरकते, म्हणजे १२ मिनिटांत जवळपास ५ सेंटिमीटर, अंदाजे तीन बोटं. सावली पश्चिमेला तीन बोटं उरली की वाटी पालथी. मग ती काठीच्या बुडात शिरते, नाहीशी होते, आणि पूर्वेकडे तीन बोटं बाहेर आली की वाटी पुन्हा पाण्यावर. २४ मिनिटं होतात आणि कोणी एकही पळ मोजलेलं नसतं. दोन्ही रेघा आदल्या दिवशी चुन्यानं आखून ठेवायच्या.

काठी ओळंब्यानं उभी करा, डोळ्यानं नको. एक अंश जरी पूर्वेला किंवा पश्चिमेला कलली तरी सावली १७ मिलिमीटर चुकते, म्हणजे निघडी चारेक मिनिटं आधी किंवा उशिरा लागते. काळी माती मे महिन्यात भेगाळते, रोवलेली काठी रात्रीतून कलते. म्हणून दगडी ओट्यात खाच करून बसवा.

सूर्य डोक्यावर दुसऱ्यांदाही येतो, १८-१९ जुलैला, साडेबाराच्या थोडं अलीकडे. तेव्हा बहुतेक आभाळ भरलेलं असतं, सावलीच पडत नाही. वाटी पालथी घातल्यावर ढग आले तर ती सुलटी कोणी करायची, हे आधी ठरवा.